शूटिंगवाल्या चाचाचा लाल टॉवेल

आमच्या मेसच्या वर गॅलरीत लाल टॉवेल लटकलेला दिसला की समदी गल्ली गप व्हायची. कुनी मिक्सर लावायचं न्हाई, भांडं आपटायचं न्हाई, गाडीचा हॉर्न वाजवायचा न्हाई. नवी आलेली पोरं इचारायची, "मावशी, कुनी वारलं का?" वारलेलं कुनीच नसायचं. वर शूटिंगवाले चाचा खेळाची शूटिंग करायलेले असायचे.

खेळ म्हनजे कबड्डी न्हवं. कॉम्पुटरमधला खेळ. एक पोरगं हितं लातुरात बसलेलं, एक नांदेडात, एक कुठं आसामात, आनि तिघंबी एकाच पडद्यात बंदुका घेऊन पळायलेत. चाचाबी त्या पडद्यात असायचे. पन चाचा गोळी मारायचे न्हाईत. कुठल्यातरी गच्चीवर जाऊन उभं राहायचे आनि दुसऱ्याचा खेळ टिपून घ्यायचे. त्यांच्या बाजूची पोरं कावायची, "चाचा, मागं बघा, मारा त्याला." चाचा म्हनायचे, "रुको बेटा, अच्छा अँगल आया." तवर समोरचा येऊन चाचालाच मारून जायचा. चाचा खुर्चीत हासायचे. म्हनायचे, "खेलनेवाला मरता जी, देखनेवाला नइं मरता."

आता ते नांदेडला लेकीकडं ऱ्हायतात. जाताना तो लाल टॉवेल धाकटीला देऊन गेले. धाकटी म्हनजे माझी जाऊ. मला काई दिलं न्हाई. मला पायजे बी न्हवतं. पन देऊन बघायचं की.

चाचा मूळचे शूटिंगवालेच. लग्नाची शूटिंग करायचे. लोहा, अहमदपूर, रेनापूर, कुठं बी लग्न असू द्या, चाचा खांद्यावर कॅमेरा घेऊन मांडवात. पुढं हरएकाच्या खिशात मोबाईल आला आनि चाचाला कुनी बलवंना. त्यांच्या कपाटात कॅसेटा भरलेल्या. लोकांनी न्यायच्या ऱ्हायलेल्या. कुनाचं लग्न मोडलं, कुनी गाव सोडलं. समद्यांची लग्नं याच्या कपाटात. मी बघायची आनि मनात म्हनायची, परक्याची लग्नं याच्याकडं कपाटभर, आनि माझ्यापाशी माझ्या मालकाचा एक फोटो न्हाई.

लग्नं बंद झाली तवा गल्लीत क्लासची पोरं वाढली व्हती. बारावीची, डॉक्टरकीच्या परीक्षेची. घर तितं होस्टेल, दार तितं मेस. घर चाचाचंच, खाली आमची मेस. मेसशेजारची एक खोली त्यांनी क्लासवाल्याला दिली आनि वर कॉम्पुटर मांडले. पोरं टेस्ट झाली की तासभर खेळायला यायची. चाचानी त्यांचा खेळ बघितला आनि त्यांच्या हाताला खाज सुटली. बघितलेलं टिपून ठेवायची खाज. ती मेल्याबिगर जात न्हाई.

पन लग्नाची सवय सुटंना. ते खिशाखिशाचं जॉकीट अंगात घातल्याबिगर कॉम्पुटरपुढं बसायचे न्हाईत. डोक्यावर टोपी, टोपीवर कानाचं यंत्र. शूटिंगच्या आधी मांडवातला तो मोठा दिवा लावायचे. पोरं घामानं भिजायची. "चाचा, खेळात उजेड हाय की, बाहेर कशाला?" "उजाला लगता बेटा, लगता." खेळ संपला की शेवटाला लग्नाच्या कॅसेटीवानी दोन बदाम आनि फुलं यायची आनि लिहून यायचं, आपले नम्र. हारलेल्या पोरांची बी तोंडं दाखवायचे. मी एकदा इचारलं तर म्हनले, "भाभी, लग्नात नवरीवाल्यांचं बी दाखवावं लागतं. येकाच बाजूचं दाखवलं तर जेवन मिळत न्हाई."

अजून एक खोड व्हती. खेळात कुठं घर उडालं, भिंत पडली, की चाचा कॅमेरा वर न्यायचे. पडद्यावर नुस्तं आभाळ. पोरं डोक्याला हात लावायची. "अहो चाचा, तितंच तर मजा व्हती." चाचा म्हनायचे, "आसमान बी किसीने मेहनत से बनाया ना. दिखाव." मला वाटायचं म्हातारा चळलाय.

आमी दोघी जावा या गल्लीत आलो त्या भूकंपानंतर. आमचं गाव किल्लारीकडचं. गनपती बुडवून मानसं झोपली व्हती. आमची गाय व्यायला झाली व्हती म्हनून मी गोठ्यापुढं उघड्यावर पडले व्हते. धाकटी माहेरी गेली व्हती. घरात माझा मालक, तिचा मालक आनि सासू. आमचं घर माळवदाचं. दगडाच्या भिंती आनि वर लाकडावर हातभर माती. उन्हाळ्यात गार ऱ्हायचं म्हनून लोक नावाजायचे. ते समदं खाली बसलं. मी राहिले, गाय राहिली.

मग पत्र्याचं शेड, पाऊस, चिखल. साहेब लोक आले. एका साहेबानं इचारलं, "मालकाचं नाव काय?" माझी जीभ उचलंना. जन्मात नाव घेतलं न्हवतं. लग्नात बायांनी दार अडवलं तवा उखान्यात घेतलं तेवढंच. साहेब म्हनला, "बाई, बोला की." शेजारच्या म्हाताऱ्यानं सांगितलं. माझ्या मानसाचं नाव शेवटी निघालं ते परक्याच्या तोंडातनं. ते मला अजून खुपतं.

लातुरात येऊन आमी पोरांच्या भाकरी थापल्या. आधी दुसऱ्याच्या मेसमधी, मग आपली केली. धाकटी पीठ मळायची, मी थापायची. एका चुलीपुढं केस पांढरे झाले. पन गावाचं आमच्यात कधी निघालं न्हाई. ती अजून उंबऱ्याबाहेर पाय काढून झोपती. मी काई म्हनत न्हाई. मला सपनात गाय हंबरल्याली ऐकू येती. ती काई इचारत न्हाई. मला वाटायचं, दोघींचं एकच हाय, बोलायचं काय त्यात.

चाचाचा आनि माझा खटका उडाला त्यो कुकरवरून. येवढ्या पोरांचा भात, त्याचा कुकर केवढा असंल. चाचा जिन्यावरून वाकून म्हनायचे, "भाभी, टॉवेल टाकलाय, शिट्टी रोको." मी म्हनायची, "चाचा, शिट्टी काय माझ्या तोंडात हाय का?" धाकटी गुपचूप गॅस बारीक करायची. एक दिवस ती दळनाला गेली व्हती. टॉवेल लटकलेला मी बघितला आनि गॅस मोठा केला. शिट्ट्यावर शिट्ट्या. खेळात एक पोरगं झुडपात दबा धरून बसलेलं, वारा बी न्हाई, पान हालंना, आनि खालनं माझा कुकर.

चाचा खाली आले न्हाईत. ती शूटिंग त्यांनी हाय तशी नेटवर लोकांत सोडली. आनि काय झालं, लोकांना खेळ आवडला न्हाई, शिट्टी आवडली. पोरांनी मला वाचून दाखवलं. कुनी लिहिलं, भात करपला मावशी. कुनी लिहिलं, वरनाला एक शिट्टी कमी द्या. एक पोरगं परदेशातून लिहितंय, ही शिट्टी ऐकून मला लातूरची मेस आठवली आनि रडू आलं. दुसऱ्या दिशी चाचा म्हनतात, "भाभी, आज एक शिट्टी टाकना जी." मी कुकरच लावला न्हाई. पोरांना खिचडी घातली पातेल्यात.

धाकटी रोज दुपारी चाचाला चहा न्यायची. त्यांची बायको वारलेली, लेक नांदेडला. चहा द्यायला किती येळ लागतो? गेली आनि आली. पन हळूहळू ती येळ लावायला लागली. पीठ वाळायचं. मी खालनं हाक मारायची, "धाकटे, काय करायलीस गं?" वरनं, "आले अक्का." यायची न्हाई. एकदा तिचं हासू ऐकू आलं. मला आठवंना, हिचं हासू मी याच्या आधी कधी ऐकलं व्हतं.

मला राग आला असं म्हनून चालनार न्हाई. मला हेवा वाटला. या म्हाताऱ्यानं चार कप चहात तिच्याकडनं काय काढलं जे मला येवढ्या भाकरी थापून निघालं न्हाई?

एक दिवस मी हात धुतले आनि वर गेले. चाचा खुर्चीवर, धाकटी शेजारी स्टुलावर, मागं आमच्याच मेसची दोनतीन पोरं. पडद्यावर बंदुका न्हाईत. ठोकळे. मातीचे ठोकळे, दगडाचे ठोकळे, एकावर एक. ह्यो बी खेळच म्हने. यात मारामारी न्हाई, नुस्तं बांधायचं. हरएक पोरगं आपल्या जागेवर बसून एकाच गावात बांधतंय. आनि गाव कुठलं, तर आमचं.

वेस. वेशीतून आत आलं की मारुतीचा पार. पारामागं बारव. बारवेच्या पायऱ्या बी. धाकटी बोट दाखवायली, "हितं वळन हाय, असं सरळ न्हाई. बैलगाडी घासायची हितं." चाचा एका पोराला म्हनले, "छत पत्र्याचं टाक, हलकं." धाकटी म्हनली, "न्हाई चाचा. माळवदच." चाचानी पोराला पत्रा काढायला लावला. मग म्हनले, "ठीक है. यहां नइं गिरता, बहन."

हरएक दारावर पाटी व्हती. कुनाचं घर ते लिहिलेलं. पोरगं मला वाचून दाखवायलं. सुताराचं, सोनाराचं, तुकाराम पाटलाचं, काशीबाईचं. मग आमची गल्ली आली. गोठा व्हता, गोठ्यापुढं मोकळी जागा. मी जितं झोपले व्हते ती. आनि आमच्या दारावर पाटी, त्यावर लिहिलेलं, "त्यांचं घर."

"कुनाचं?" मी इचारलं.

पोरगं म्हनलं, "काकू म्हनल्या, त्यांचं. मी इचारलं, त्यांचं म्हनजे कुनाचं, तर म्हनल्या, त्यांचंच. मी तसंच लिहिलं."

धाकटी पदर तोंडाला लावून बसली. "भायाचं, थोरल्या दिराचं, नाव कसं घेऊ अक्का? आनि ह्यांचं तरी कसं घेऊ?"

मी खाली आले. तिला वाटलं मी पाटीवरून रुसले. पाटीचं काई न्हवतं. माझ्या मनात येवढंच, हिनं समदं गाव त्याला दिलं. बैलगाडी कुठं घासायची ते दिलं. मला हिनं कधी एक बारव दिली न्हाई.

चुलीपुढं बसल्यावर तीच बोलली. "चाचा बी आले व्हते तवा. भूकंपानंतर."

"कुठं?"

"आपल्याकडंच. कुनीतरी त्यांना शूटिंगला आनलं व्हतं, पडल्याली घरं दाखवायला. चाचानी कॅमेरा चालू केला आनि नुस्तं आभाळ घेतलं. समदी कॅसेट आभाळाची. ज्यानं आनलं व्हतं त्यानं कॅसेट फेकून मारली म्हने. मी इचारलं असं का केलं, तर म्हनतात, हात हल गया जी."

भाकरी माझ्या हातात तशीच राहिली. "हे तुला कुनी सांगितलं?"

"त्यांनीच."

"मला न्हाई सांगितलं."

"तू कुकर लावती अक्का," ती म्हनली.

गावाची शूटिंग चाचा थोडी थोडी लोकांत सोडायचे. आमच्या गावची मानसं आता पुन्याला, हैदराबादला, कुठं कुठं पांगलेली. ते बघायले. कुनी लिहायचं, आमच्या दारात कडुलिंब व्हता, टाका. चाचा टाकायचे. पन समदे एकच इचारायचे, त्यांचं घर म्हनजे कुनाचं? एकानं तर लिहिलं, हे घर नव्हतंच, चुकून टाकलंय. पोरानं ते वाचलं तवा मी ताटं घासायले व्हते. ताट माझ्या हातातनं सुटलं न्हाई, पन हात थांबला. घर न्हवतंच म्हने.

चाचानी ठरवलं, येत्या रैवारी समदं गाव एकदा फिरायचं, वेशीपासून, आनि हरएक घरापुढं थांबून नाव पुकारायचं. मांडवात पाहुने पुकारतात तसं. मग गाव पुरं झालं. पुन्हा हात लावायचा न्हाई. धाकटी नावं सांगनार. चाचानी तिला समजावलं, "बहन, त्या घराचं बी बोलना पडेगा. नाहीतर लोग बोलेंगे, था ही नहीं."

धाकटी त्या दिशी पीठ मळता मळता म्हनली, "अक्का, तुला जमत न्हाई. मलाच घ्यावं लागंल. डोळे झाकून घेते."

"कुनाचं?"

"दोघांचं."

मी म्हनलं, "बघ घेऊन."

ती पुन्हा पिठात हात घालून बसली. आधी शेडात त्या शेजारच्या म्हाताऱ्यानं घेतलं. आता ही घेनार. माझ्या मालकाचं नाव, तिच्या तोंडातनं, चाचाच्या यंत्रात, आनि मुलूखभर लोक ऐकनार. आनि मी खाली भात लावत बसनार. दोन दिस कनीक बी मीच मळली, ती दगडासारकी. पोरांनी चपात्या तोडून तोडून खाल्ल्या, बोललं कुनी न्हाई.

रैवारी पोरं जेवून गेली. लाल टॉवेल लटकला. मी गॅस बंद केला. कुकर उचलून अंगनात नेऊन ठेवला, रागानं शिट्टी मारू नये म्हनून. आनि वर गेले.

चाचाचं जॉकीट, टोपी, मोठा दिवा, समदं जागेवर. मला बघून म्हनले, "भाभी, आज शिट्टी?"

"आज शिट्टी न्हाई," मी म्हनलं. "सरका."

धाकटी स्टुलावरून उठली. मी तिला उठ म्हनले न्हवते, पन ती उठली. मी बसले. चाचानी वेशीतून पाऊल आत टाकलं. हळू. चाचाला नवरदेवाची चाल ठाऊक, कुठं थांबायचं, कुठं वळायचं. पारापाशी थांबले. सुताराचं घर. धाकटी माझ्या मागं उभी राहून नाव घ्यायली. तुकाराम पाटील. काशीबाई. तिचा आवाज थरथरंना. हरएक नावाला चाचा दारावर उगी जरा थांबायचे, मग पुढं. बैलगाडी घासायची त्या वळनावरून गेलो. मग गोठा.

चाचा आमच्या दारापुढं उभं राहिले. "त्यांचं घर." धाकटीनं श्वास घेतलेला मला मानेवर कळला.

मी हात मागं करून तिच्या तोंडावर ठेवला.

मग डोळे झाकून मी घेतलं. उखाना न्हाई, काई न्हाई. नुस्तं नाव, बापाच्या नावासकट, आडनावासकट. माझाच आवाज मला म्हाताऱ्या बाईचा वाटला. नाव मातर तरन्या मानसाचं. हितं परत घेनार न्हाई. ज्याला ऐकायचंय त्यानं त्या शूटिंगमधी ऐकावं.

डोळे उघडून बघते तर पडद्यावर घर न्हाई. आभाळ. ठोकळ्याचं निळं आभाळ आनि एक चौकोनी ढग.

"चाचा," मी म्हनलं, "घर दाखवा की. नाव घेतलं तवाच आभाळ?"

चाचाची दाढी हालायली व्हती. "हात हल गया, भाभी."

"परत घ्यायचं का?" मागनं पोरगं म्हनलं. "कापून जोडता येतं."

"ऱ्हाऊ द्या," मी म्हनलं.

दिव्याचा ताव तोंडावर लागायला व्हता. ढग तसाच पुढं सरकायला. धाकटीनं माझा हात तोंडावरून काढला, पन सोडला न्हाई.

"अक्का," ती बारीक आवाजात म्हनली, "मी बी घेऊ का?"

"कुनाचं?"

"माझ्याचं."

"तुझ्याचं घे," मी म्हनलं. "माझ्याचं नको."